विश्लेषण : आई पडद्यावर, मूल पडद्यामागे… अभिनेत्रीच्या मुलांना आडनावाचा फायदा नेमका कुठवर?

घराणेशाहीचा वाद चित्रसृष्टीत ठरावीक काळाने पुन्हा पेटतो. २०१७ मध्ये करण जोहर यांच्या गप्पांच्या कार्यक्रमात कंगना रनौत यांनी हा विषय काढला. २०२० मध्ये सुशांतसिंह राजपूतच्या मृत्यूनंतर तो समाजमाध्यमांवर उसळला. २०२२ च्या डिसेंबरात ‘न्यूयॉर्क’ मासिकाने ‘नेपो बेबी’ या शब्दाला थेट मुखपृष्ठावर जागा दिली. या तिन्ही वेळी चर्चेचा भर होता तो मुख्यतः पडद्यावर दिसणाऱ्या मुलांवर. पण प्रसिद्ध अभिनेत्रीचे मूल लेखक, सहायक दिग्दर्शक किंवा दिग्दर्शक झाले तर? तिथे आईच्या नावाचा किती उपयोग होतो आणि कुठे तो संपतो, याचा हा आढावा.

चर्चा चेहऱ्यांचीच का होते?

कारण चेहरा लगेच ओळखू येतो. नायकाच्या मुलाचा पहिला चित्रपट येतो तेव्हा पोस्टर, मुलाखती, फोटो असा सगळा खर्च त्या चेहऱ्यावर होतो. चित्रपट पडला तरी नाव घरोघरी पोहोचलेले असते. पडद्यामागच्या कामाचे तसे नाही. सहायक दिग्दर्शकाने पहाटे पाचला ‘कॉल शीट’प्रमाणे सगळे जमवले, मागच्या दृश्यात पदर कोणत्या खांद्यावर होता हे टिपून ठेवले, पावसाने वाया गेलेल्या दिवसाचे वेळापत्रक रात्रीत नव्याने लावले, तरी प्रेक्षकाला ते कळत नाही. काम चांगले झाले तर ते दिसतच नाही.

पडद्यावरील मुलांना टीका आणि संधी दोन्ही भरपूर मिळतात. पडद्यामागे गेलेल्यांना टीका कमी आणि ओळखही कमी. त्यामुळे ‘यांना कुणी हात दिला’ हा प्रश्न तिथे विचारला जात नाही, तसाच ‘यांच्या कामाची नोंद झाली का’ हाही विचारला जात नाही. खरे तर दोन्ही विचारायला हवेत.

रीमा लागू यांच्या घरातील तीन पिढ्या काय सांगतात?

मराठी वाचकाला जवळचे उदाहरण रीमा लागू यांच्या घराचे. रीमा यांचे माहेरचे नाव नयन भडभडे. त्यांच्या आई मंदाकिनी भडभडे या मराठी रंगभूमीवरील अभिनेत्री. म्हणजे रीमा स्वतःच एका अभिनेत्रीची मुलगी होत्या. पुण्याच्या हुजूरपागेत शिकलेल्या रीमा यांनी १९७९ पासून सुमारे दहा वर्षे मुंबईत युनियन बँकेत नोकरी केली. नाटक, बँक आणि नंतर चित्रपट असे ते सांभाळणे होते. आई अभिनेत्री असली तरी घर पगारावर चालते, हे त्या पिढीतील अनेक नाट्यकलावंतांचे वास्तव होते.

‘मैंने प्यार किया’ (१९८९) प्रदर्शित झाला तेव्हा रीमा ३१ वर्षांच्या होत्या आणि त्यांनी सलमान खानच्या आईची भूमिका केली. दोघांच्या वयात फरक जेमतेम सात वर्षांचा. ‘वास्तव’मध्ये (१९९९) त्या संजय दत्तच्या आई झाल्या, तो तर त्यांच्यापेक्षा साधारण एकाच वर्षाने लहान. ‘श्रीमान श्रीमती’, ‘तू तू मैं मैं’ या मालिकांमधून त्यांचे विनोदाचे अंगही घरोघरी पोहोचले. पण हिंदी चित्रपटाने त्यांना ‘पडद्यावरची आई’ हीच ओळख दिली. १८ मे २०१७ रोजी त्यांचे निधन झाले.

त्यांची मुलगी मृण्मयी लागू-वायकूळ यांनी काही मराठी चित्रपटांत अभिनय केला, मात्र त्यांची मोठी ओळख झाली ती लेखणीमुळे. दिग्दर्शक अनुभव सिन्हा यांच्यासोबत त्यांनी ‘थप्पड’ (२०२०) लिहिला. त्या कथेसाठी दोघांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. पुढे ‘स्कूप’ (२०२३) या नेटफ्लिक्सवरील मालिकेच्या निर्मितीकल्पनेचे श्रेय हन्सल मेहता यांच्यासह त्यांच्या नावावर आहे. आजी रंगभूमीवर, आई पडद्यावर आणि नात लेखनात, असा हा प्रवास.

‘थप्पड’चे उदाहरण महत्त्वाचे का?

‘थप्पड’ची गोष्ट थोडक्यात सांगायची तर घरातील समारंभात पाहुण्यांसमोर नवरा बायकोला एक थप्पड मारतो आणि ती घटस्फोट मागते. ‘एवढ्याशा कारणावरून?’ हा प्रश्न तिला सगळेच विचारतात. त्यात सर्वात अवघड संवाद होतात ते दोन आयांशी. एक नायिकेची आई, दुसरी सासू. दोघींनी आयुष्यभर काय गिळले, हे चित्रपट हळूहळू उलगडत नेतो. हिंदी चित्रपटातील आई अनेकदा रडण्यापुरती किंवा आशीर्वादापुरती असते. इथे तिला स्वतःचा भूतकाळ आहे.

या दोन भूमिका केल्या आहेत रत्ना पाठक शाह आणि तन्वी आझमी यांनी. रत्ना या दीना पाठक यांच्या कन्या, तर तन्वी या उषा किरण यांच्या. म्हणजे पडद्यावरच्या दोन्ही आया अभिनेत्रींच्या मुली आणि त्यांची वाक्ये लिहिणाऱ्या दोघांपैकी एक लेखिकाही अभिनेत्रीचीच मुलगी. हा योगायोग असेल. पण त्यातून एक गोष्ट स्पष्ट दिसते. अभिनेत्रींच्या तीन मुली एकाच चित्रपटात आहेत, त्यातील दोघींना प्रेक्षक चेहऱ्याने ओळखतो. तिसरीचे नाव मात्र श्रेयनामावली वाचणाऱ्यालाच कळते.

आईचे वय आणि पडद्यामागचा रस्ता यांचा संबंध काय?

अभिनेत्रीच्या कारकिर्दीला वयाची अट लागते, हे तिच्या मुलांइतके जवळून कुणी पाहत नाही. नायक पन्नाशीत नायकच राहतो आणि त्याच्याच वयाची अभिनेत्री आई, काकू किंवा वहिनी होते. रीमा लागू यांच्या भूमिकांच्या तारखा हेच सांगतात. लेखक, संकलक किंवा दिग्दर्शक यांच्या कामाला असे वय नसते. उलट अनुभवाने किंमत वाढते. प्रत्येकाने याच कारणासाठी कॅमेऱ्याची दुसरी बाजू निवडली असे म्हणता येणार नाही, पण ज्या घरात काम अचानक कमी होताना पाहिले जाते, त्या घरात हा विचार होणे स्वाभाविक आहे.

हनी इराणी यांचा मार्ग या दृष्टीने पाहण्यासारखा आहे. पन्नास-साठच्या दशकात त्या गाजलेल्या बालकलाकार होत्या. ‘चिराग कहाँ रोशनी कहाँ’ (१९५९) हा त्यातला एक चित्रपट. १९७२ मध्ये जावेद अख्तर यांच्याशी विवाह झाला आणि पुढे दोघे विभक्त झाले. त्यानंतर हनी इराणी यांनी लेखिका म्हणून दुसरी कारकीर्द उभी केली. ‘लम्हे’ (१९९१) आणि ‘क्या कहना’ (२०००) या चित्रपटांच्या कथांसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाले. ‘डर’ आणि ‘कहो ना प्यार है’ यांच्या लेखनातही त्यांचा सहभाग होता. अभिनेत्री म्हणून ओळख मिळालेल्या बाईला पडद्यामागे नव्याने उभे राहता येते, हे त्यांच्या मुलांनी घरातच पाहिले.

मग आईचा वाटा नोंदवला का जात नाही?

फरहान आणि झोया अख्तर यांची ओळख करून देताना बहुतेक वेळा ‘जावेद अख्तर यांची मुले’ असे लिहिले जाते. ते चुकीचे नाही, अपुरे आहे. फरहान यांनी लहान वयात सेटवर काम शिकायला सुरुवात केली ती ‘लम्हे’पासून, आणि ‘लम्हे’ची कथा त्यांच्या आईची. वडिलांचे आडनाव लागते, त्यामुळे वारसाही वडिलांचाच गृहीत धरला जातो. आईचे काम विशेषतः लेखनातले असेल, तर ते आणखी मागे पडते.

याच घरात दुसराही धडा आहे. फरहान यांचा ‘दिल चाहता है’ २००१ मध्ये आला तेव्हा ते २७ वर्षांचे होते. त्यांच्याहून मोठ्या असलेल्या झोया यांचा पहिला चित्रपट ‘लक बाय चान्स’ २००९ मध्ये आला तेव्हा त्या ३६ वर्षांच्या होत्या. मधली अनेक वर्षे त्यांनी सहायक दिग्दर्शन आणि पात्रनिवड यांसारखी कामे केली. दोघांचे घर एक, ओळखी त्याच, तरी वाट पाहण्याचा काळ वेगळा. यामागे अनेक कारणे असू शकतात, पण मोठ्या आडनावाने सगळे दरवाजे सारख्याच वेगाने उघडतात असे नाही, एवढे तरी यातून दिसते.

‘लक बाय चान्स’चा विषयही हाच होता. त्यात डिंपल कपाडिया यांनी एका जुन्या नायिकेची भूमिका केली आहे, जी आपल्या मुलीला पडद्यावर आणण्यासाठी धडपडते. दुसरीकडे ओळख नसलेली, छोट्या भूमिकांवर गुजराण करणारी अभिनेत्री कोंकणा सेन शर्मा यांनी रंगवली आहे. कोंकणा या स्वतः अभिनेत्री-दिग्दर्शिका अपर्णा सेन यांच्या कन्या आणि पुढे ‘अ डेथ इन द गंज’च्या दिग्दर्शिका. घराणेशाहीवरची टिप्पणी घराण्यातल्याच माणसांनी केली, ही त्या चित्रपटाची गंमतही आहे आणि मर्यादाही.

आपल्याकडे ही परंपरा किती जुनी?

बरीच जुनी. व्ही. शांताराम यांच्या ‘कुंकू’मध्ये (१९३७) शकुंतला परांजपे यांनी भूमिका केली होती. त्यांचे नाव अभिनयापेक्षा कुटुंबनियोजनाच्या कामासाठी अधिक घेतले जाते. त्यांच्या कन्या सई परांजपे यांनी आकाशवाणी, रंगभूमी, दूरदर्शन असा प्रवास करत ‘स्पर्श’, ‘चश्मे बद्दूर’ आणि ‘कथा’ दिले. दुर्गा खोटे यांनी तर स्वतःच पडद्यामागची संस्था उभी केली. ‘वागले की दुनिया’ ही १९८८ ची गाजलेली मालिका दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची. अलीकडे अभिनेत्री मृणाल कुलकर्णी यांचे पुत्र विराजस यांनी अभिनयासोबत दिग्दर्शन केले आणि जीत अशोक यांच्यासह ‘व्हिक्टोरिया’ (२०२३) हा मराठी चित्रपट आणला.

मराठीत या मुलांच्या पडद्यामागे जाण्याला एक व्यावहारिक कारणही आहे. इथे नाटक, चित्रपट आणि मालिका यांत एकच माणूस दोन-तीन कामे करतो. लिहिणारा प्रकाशयोजना पाहतो, अभिनय करणारा दिग्दर्शन करतो. ‘तारेतारकांची मुले’ म्हणून कोट्यवधींचा पहिला चित्रपट मिळण्याएवढा पैसाच या व्यवसायात नाही.

प्रसिद्ध नाव असूनही श्रेय हुकते का?

होय, आणि त्याचे सर्वात ठळक उदाहरण हॉलीवूडमधील आहे. ‘सिंगिंग इन द रेन’ (१९५२) या चित्रपटाने नावारूपाला आलेल्या डेबी रेनॉल्ड्स यांची मुलगी कॅरी फिशर. ‘स्टार वॉर्स’मधील राजकन्या लिया म्हणून तिला जग ओळखते. पण नव्वदच्या दशकात तिच्या उत्पन्नाचा महत्त्वाचा भाग वेगळ्याच कामाचा होता. फसत चाललेल्या पटकथा दुरुस्त करून देणे, ज्याला तिकडे ‘स्क्रिप्ट डॉक्टर’ म्हणतात. ‘हुक’ (१९९१), ‘सिस्टर अ‍ॅक्ट’ (१९९२), ‘द वेडिंग सिंगर’ (१९९८) अशा चित्रपटांवर तिने हात फिरवला. श्रेयनामावलीत लेखक म्हणून तिचे नाव नाही.

अमेरिकेत पटकथेचे श्रेय कुणाला, हे लेखकांची संघटना ठरवते. ठरावीक प्रमाणाहून अधिक लेखन असेल तरच नाव लागते. त्यामुळे दुरुस्तीचे काम करणारे बहुधा बाहेर राहतात. पुढे फिशरने हे काम कमी केले. त्याचे तिने सांगितलेले कारण आजही लागू पडते. काम देण्याआधीच निर्माते अनेक लेखकांकडून ‘पटकथेत काय सुधारता येईल’ याची टिपणे मागवत, ती ठेवून घेत आणि काम दुसऱ्यालाच देत. म्हणजे कल्पना फुकट. राजकन्या लियाची ही गत असेल, तर बिननावाच्या लेखकाची काय असेल, याचा अंदाज करता येतो.

तिचे जे लेखन नावानिशी आले, त्यात मात्र आई मध्यभागी होती. ‘पोस्टकार्ड्स फ्रॉम द एज’ ही १९८७ ची कादंबरी आणि तिच्यावरील १९९० चा चित्रपट, दोन्ही तिनेच लिहिले. प्रसिद्ध आईच्या सावलीतून बाहेर येऊ पाहणारी अभिनेत्री हा त्याचा विषय. नंतर तिने सहलेखन केलेल्या ‘दीज ओल्ड ब्रॉड्स’ (२००१) या दूरचित्रवाणीपटात डेबी रेनॉल्ड्स आणि एलिझाबेथ टेलर एकत्र आल्या. फिशरचे वडील एडी फिशर यांनी डेबींना सोडले होते ते याच टेलरसाठी. मुलीने दोघींना एका पडद्यावर आणले, तेही पन्नाशी-साठी उलटलेल्या अभिनेत्रींना भरपूर काम देणारी गोष्ट लिहून. कॅरीचे २७ डिसेंबर २०१६ रोजी निधन झाले आणि दुसऱ्याच दिवशी डेबी गेल्या.

मग आडनावाचा फायदा नेमका कुठे होतो?

तो तीन ठिकाणी होतो. पहिला, प्रवेश. पटकथा घेऊन कुणाला भेटायचे, कोणत्या दिग्दर्शकाला सहायक हवा आहे, हे घरात फोनवर कळते. बाहेरच्या मुलाला तेच कळायला दोन वर्षे लागतात. दुसरा, भाषा. सेटवर कुणाशी कसे बोलायचे, प्रकाश लावताना मध्ये यायचे नाही, ज्येष्ठ कलाकाराला दृश्य कधी वाचायला द्यायचे, हे लहानपणापासून पाहिलेले असते. हे शिक्षणच आहे आणि त्याचे शुल्क भरावे लागलेले नाही.

तिसरा फायदा सर्वात मोठा, तो म्हणजे वाट पाहण्याची ऐपत. सहायक म्हणून पहिली काही वर्षे पैसे कमी मिळतात, कधी मिळतच नाहीत. मालिकांच्या क्षेत्रात तर काम केल्यानंतर ९० दिवसांनी पैसे देण्याची रूढी आहे. मुंबईत घर असलेल्याला हे परवडते. लातूर किंवा साताऱ्याहून आलेल्या, अंधेरी-गोरेगावात चौघांत खोली घेऊन राहणाऱ्याला ते परवडत नाही. तो मध्येच नोकरी धरतो. चांगला लेखक हरवतो तो प्रतिभा कमी पडल्याने नव्हे, भाडे थकल्याने.

पण या तिन्हींनंतर आडनाव थांबते. कोऱ्या कागदावर दृश्य लिहिताना किंवा संकलनाच्या टेबलावर चूक सापडताना आईचा चेहरा मदतीला येत नाही. लोकांना नवा चेहरा पाहायची उत्सुकता असते म्हणून पहिला चित्रपट एखादा आठवडा तरेल. कमकुवत पटकथेला तशी सवलत नाही, कारण लेखिका कुणाची मुलगी आहे हे पाहून कुणी तिकीट काढत नाही.

भारतात पडद्यामागच्या कामाला संरक्षण किती?

कागदावर काही प्रमाणात आहे. २०१२ मध्ये कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. त्यानुसार चित्रपटातील साहित्य आणि संगीताच्या रचनाकारांचा मानधनापलीकडील रॉयल्टीचा हक्क करारात लिहून काढून घेता येत नाही. स्क्रीनरायटर्स असोसिएशन ही लेखकांची संघटना पटकथांची नोंदणी करते आणि श्रेय किंवा पैशांचे तंटे सोडवण्यासाठी तिची समितीही आहे. प्रत्यक्षात नवा लेखक करार वाचायलाही कचरतो. ‘आधी काम सुरू कर, कागद नंतर करू’ हे वाक्य या व्यवसायात सर्रास ऐकू येते.

श्रेयाची ही लढाई नवी नाही. ‘जंजीर’च्या (१९७३) पोस्टरवर नाव नाही म्हणून सलीम-जावेद यांनी रंगारी पाठवून मुंबईतील पोस्टरांवर आपली नावे उमटवून घेतल्याची गोष्ट प्रसिद्ध आहे. पन्नास वर्षांनंतरही लेखकाचे नाव पोस्टरवर शोधावे लागते. मल्याळम चित्रसृष्टीविषयीचा न्या. हेमा समितीचा अहवाल ऑगस्ट २०२४ मध्ये जाहीर झाला, त्यातही पडद्यामागच्या स्त्रियांच्या कामाच्या अटी आणि लेखी करारांचा अभाव हे मुद्दे पुढे आले. लेखी करार नसेल तर माणूस ओळखीवर टिकतो. आणि ओळख कुणाकडे असते, हे सांगायला नको. म्हणजे कराराचा अभाव हाच घराणेशाहीला खतपाणी घालतो.

पुढे काय बदलू शकेल?

ओटीटी मंचांमुळे थोडा फरक पडला आहे. मालिकेला एक नव्हे, अनेक लेखक लागतात. ‘निर्मितीकल्पना कुणाची’ याचे वेगळे श्रेय दिले जाते. ‘स्कूप’सारख्या मालिकेत लेखिकेचे नाव दिग्दर्शकाच्या बरोबरीने येते ते त्यामुळेच. एनएफडीसीच्या पटकथा कार्यशाळांसारखे किंवा पुण्याच्या एफटीआयआयसारखे मार्ग ओळख नसलेल्यांसाठी खुले आहेत, पण जागा मोजक्या आहेत. सहायकांना किमान आणि वेळेवर मोबदला, काम सुरू होण्याआधी लेखी करार आणि श्रेयनामावलीत नावाची हमी या तीन गोष्टी सर्वांना मिळाल्या, तर कुणाची आई कोण याला आपोआप कमी महत्त्व उरेल.

तोवर प्रेक्षकाच्या हातात एक साधी गोष्ट आहे. मालिका संपताच पुढचा भाग आपोआप सुरू होतो आणि नावे आक्रसून कोपऱ्यात जातात. ती पूर्ण पाहण्यासाठी बोटाने एकदा स्पर्श करावा लागतो. तेवढे केले, तर कुणाची मुलगी यापेक्षा कुणाचे काम, हे आधी दिसेल.